दुखणं उतरवायचं यंत्र

आत्याला तिथे मीच नेलं. हे आधीच सांगून टाकते, कारण गावात अजून कुणी म्हणतं तिला फसवून नेलं, कुणी म्हणतं माझ्या साहेबांनी गाडी पाठवून उचलून नेलं. तसं काहीच झालं नाही. समुद्रकाठच्या आमच्या नवापूरच्या नाक्यावर मी तिला शेअर रिक्षात माझ्या शेजारी बसवलं, बोईसरला आणलं आणि शेडच्या फाटकावरच्या वहीत तिच्या नावापुढे माझी सही केली.

शेड औद्योगिक वसाहतीच्या अगदी टोकाला होती. एका अंगाला रंगाचा कारखाना, दुसऱ्या अंगाला बंद गोदाम. बाहेरून बघणाऱ्याला मोटारी दुरुस्त करायचं वर्कशॉप वाटावं. आत मात्र खिडक्या विटांनी बुजवलेल्या होत्या आणि भिंतींना, छताला तांब्याची बारीक जाळी ठोकलेली होती. बाहेरच्या विजेची, मोबाइलची कसलीही लहर आत येऊ नये म्हणून. सकाळी आठला शटर खाली यायचं ते संध्याकाळी सहाला वर जायचं. मधल्या वेळात बाहेर ऊन आहे की पाऊस, हे डबे आत आणून देणाऱ्या रखवालदाराच्या कपड्यांवरून कळायचं.

मी पालघरच्या कॉलेजातून इलेक्ट्रॉनिक्समध्ये बी.एस्सी. केलं होतं आणि बोईसरच्या एका दुकानात कारखान्यांची मीटरं दुरुस्त करत होते. साहेब तिथे गिऱ्हाईक म्हणून यायचे. एकदा मी त्यांचं जुनं मीटर उघडून केसासारखी तार जोडत होते, ते बघत उभे राहिले आणि म्हणाले, "हात फार हलका आहे तुझा. माझ्याकडे येशील का?" पगार दुकानापेक्षा बरा होता. तीन वर्षांचा बाँड लिहून दिला आणि पदवीची, मार्कांची मूळ कागदपत्रं त्यांच्या कपाटात जमा केली. आमच्याकडे बऱ्याच ठिकाणी असंच चालतं, त्यामुळे सही करताना मी दोनदा विचारही केला नाही.

काम काय ते पहिल्या दिवशी आत गेल्यावर कळलं.

"भगत, मांत्रिक, उतारा करणारे, ह्यातले बहुतेक खोटे असतात," साहेब म्हणाले. "पण एखादा खरा असतो. त्याच्या हातात जे असतं ते फार थोडं असतं, म्हणून ते टिकत नाही, पोचत नाही. आवाज बारीक असला की आपण अॅम्प्लिफायर लावतो ना? मग ह्याला का लावू नये?"

ते आता हसतील म्हणून मी थांबले. ते हसले नाहीत.

त्यांच्या बायकोला मज्जातंतूंचं दुखणं होतं. कमरेखाली सतत आग व्हायची, अंगावर चादर सहन व्हायची नाही. मुंबईचे सगळे डॉक्टर करून झाले होते. मग जव्हारकडच्या कुण्या भगतानं तिच्या पायांवरून हात फिरवला आणि कित्येक वर्षांनी ती तासभर गाढ झोपली. दुसऱ्यांदा त्याच भगताकडून काहीच झालं नाही. त्या एका तासापायी साहेबांनी आपला चालता कारखाना विकला आणि ही शेड उभी केली.

माझं काम मोजण्याचं. काचेच्या बंद हंडीत रेशमाच्या धाग्याला तांब्याची पातळ पट्टी टांगलेली, पट्टीला नखाएवढा आरसा. आरशावर दिवा सोडला की समोरच्या भिंतीवर उजेडाचा ठिपका पडायचा. माणसाच्या हातात काही असेल तर पट्टी फिरेल आणि ठिपका सरकेल, असा हिशोब. ती पट्टी स्थिर करण्यातच माझे कितीतरी महिने गेले. शेडमध्ये तिसरे होते ते वाइंडिंगचे काका. मूळचे उत्तरेकडचे, पण सालवडला राहून तीस वर्षं जळालेल्या विजेच्या मोटारींत नवी तार भरणारे. मोठाली कॉइलं गुंडाळायची त्यांच्याकडे. ते म्हणायचे, "बेटी, तनखा मिल रही है, तार लपेट रहे हैं. बाकी भगवान जाने."

वर्षभरात पुष्कळ माणसं आली. कुणी लिंबं घेऊन आला, कुणी कोंबडा घेऊन. ठिपका जागचा हलला नाही. साहेब दिवसेंदिवस वाळत चालले. एक दिवस ते मला म्हणाले, "आणखी दोन महिने बघू. मग बंद करू." त्या वेळी मी गप्प बसले असते तर दोन महिन्यांनी कागदपत्रं घेऊन सुटले असते. पण ते यंत्र माझ्या हातचं होतं. ते एकदा तरी हललेलं मला बघायचं होतं.

मी म्हणाले, "साहेब, आमच्या गावात एक आहे. ती शिंगाळ्याचं विष उतरवते."

शिंगाळा म्हणजे काटेवाला मासा. जाळ्यातून काढताना त्याचा काटा हातात घुसला की मोठा बाप्या गडीही किनाऱ्यावर लोळतो. लहानपणी मला तो लागला होता. आत्यानं माझा हात आपल्या दोन तळव्यांत धरला, सासूकडून शिकलेलं काहीतरी ओठांतल्या ओठांत म्हटलं, आणि खांद्यापर्यंत चढलेली कळ कोपरापर्यंत, मग मनगटापर्यंत उतरत उतरत गेली. नंतर ती तशीच उठून समुद्रावर गेली आणि हात धुऊन आली. गावात तिचं कुणाला नवल नव्हतं. ती विधवा, बोंबील वाळवून बोईसरच्या बाजारात विकायची. कुणाला काटा लागला की टोपली खाली ठेवून जायची, उतरवायची, आणि परत येऊन टोपली उचलायची. त्याचे पैसे तिनं कधी घेतले नाहीत.

मी तिला विचारलं तेव्हा ती म्हणाली, "तुज्या सायबाला काटा लागला हाय का?"

"नाय. त्याच्या बायकोला लय दुखतं, आत्या."

"मंग चल," ती म्हणाली. एवढंच.

पहिल्या दिवशी साहेबांनी जे केलं ते मी विसरणार नाही. उतरवायला दुखणं तर खरं हवं. त्यांनी सातपाटीहून बादलीत जिवंत शिंगाळा मागवला होता. आम्ही काही म्हणायच्या आत त्यांनी बाही वर केली आणि डाव्या हाताचं बोट त्या काट्यावर दाबलं. माणूस पांढराफटक पडला. खुर्चीत बसायला गेले आणि खालीच बसले.

"येडा हाय का तुजा सायेब?" आत्या ओरडली आणि धावत जाऊन तिनं त्यांचा हात धरला.

मी भिंतीकडे बघत होते. ठिपका थरथरला. मग उजवीकडे सरकला, चार बोटं, आणि तिथेच थांबला. साहेबांचा श्वास सावकाश झाला. घामानं भिजलेला तो माणूस आत्याकडे नाही, भिंतीकडे बघत होता. "लिहून घे," ते मला म्हणाले. मी लिहून घेतलं. मला तेव्हा किती आनंद झाला ते आता सांगायला लाज वाटते.

काकांनी खुर्चीभोवती कॉइलं बसवली. खुर्चीच्या हातांवर तांब्याचे पत्रे. आत्यानं तळवे त्या पत्र्यांवर ठेवायचे, मनात नेहमीचं म्हणायचं, आणि तिच्या हातातून जे निघेल ते कॉइलांतून वाढत जाऊन पलीकडच्या खोलीतल्या पलंगापर्यंत पोचायचं. दोन खोल्यांच्या मध्ये काच होती. साहेबांच्या बायकोला पालघरहून गाडीत निजवून आणलं. ती बाई पन्नाशीची असेल, पण दुखण्यानं चेहऱ्याचं वय कळत नव्हतं.

मी बटण फिरवलं. कॉइलं गुणगुणायला लागली. ठिपका चार बोटांवर गेला, मग हातभर गेला. काचेपलीकडे बाईंच्या मुठी सुटल्या. त्यांनी स्वतःच्या हातानं चादर पायांवर ओढून घेतली आणि त्या झोपल्या. तीन तास. उठल्यावर म्हणाल्या, "पिठलं-भात मिळेल का?" साहेब शेडच्या कोपऱ्यात जाऊन भिंतीकडे तोंड करून उभे राहिले. त्यांचे खांदे हलत होते. काकाही डोळे पुसत होते.

आत्या उठली आणि म्हणाली, "चल, समुद्रावर जाऊ. हात धुवायचे हायत."

"इथेच धुवा ना," साहेब म्हणाले. "मीठ घालून पाणी देतो. तुम्ही पंधरा दिवस इथेच राहा. सगळी सोय करतो. बाहेर गेलात तर शरीराची अवस्था बदलेल, मोजमाप चुकेल."

आत्यानं माझ्याकडे बघितलं. मी म्हणाले, "पंधराच दिवस, आत्या."

शेडच्या मागच्या बाजूला तिला खोली दिली. पंखा, नवी गादी, दोन वेळचं जेवण. तिथेही जाळी होतीच. संध्याकाळी सहाला शटर वर जायचं, मी माझा मोबाइल घेऊन बाहेर पडायचे, आणि ती शटरच्या आतल्या बाजूला उभी राहून माझ्याकडे बघायची. घरी आई रोज विचारायची, "आत्या कदी येनार? तिचे बोंबील मीच वर-खाली करतंय." मी म्हणायचे, "येईल दोन दिवसांत."

मिठाच्या पाण्यानं काही होईना. मग साहेबांनी नवापूरहून समुद्राचं पाणी कॅन भरून आणवलं. आत्यानं त्यात हात बुडवले आणि लगेच बाहेर काढले. "हे पानी मेलेलं हाय," ती म्हणाली. "वाहत्या पान्यात सोडावं लागतं. ह्याच्यात कुटं जाईल ते?"

ते कुठे जात होतं ते आठवडाभरात कळलं. आत्याचा उजवा तळवा सुजला, काटा लागल्यावर सुजतो तसा, काळानिळा. रखवालदाराची दाढ ठणकायला लागली; तो फाटकावर गेला की थांबायची, डबे द्यायला आत आला की पुन्हा सुरू. काकांची बोटं आखडू लागली. माझ्या कोपरात शेडमध्ये पाय टाकला की कळ यायची. हंडीतला ठिपका, कुणी काही करत नसतानाही, मूळ जागेवर परत जाईना. भिंतींना जाळी होती. बाहेरचं आत येऊ नये म्हणून लावलेली. आतलं बाहेर जाणार तरी कसं, हे आम्ही कुणी मनातच आणलं नव्हतं.

मी साहेबांना सांगितलं. ते म्हणाले, "मला ठाऊक आहे. माझंही डोकं फुटतंय. थोडे दिवस."

त्यात बाईंना येणारा आराम रोज कमी होत होता. तीन तासांचे दोन झाले, दोनाचा एक. साहेब रोज कॉइलांतला प्रवाह थोडा वाढवत होते. पंधरा दिवस सरले, महिना झाला. मी आत्याला म्हणाले, "तू नाय म्हन. मी रिक्षा घेऊन येतंय."

"सायबानं काल माजे पाय धरले," ती म्हणाली. "ते एक वेळ चालंल. पन ती बाई काचेतनं बघती ना माज्याकडं. तिला टाकून कशी येऊ?" तिनं सुजलेला हात पदराखाली घेतला. "आनि तुजे कागद हायत त्याच्याकडं. तुजं काय होईल?"

तिला कागदांचं मीच कधीतरी सांगितलं होतं, सहज. ती माझ्यापायीही तिथे बसली होती, आणि मी रोज सहाला घरी जात होते.

एक दिवस साहेब बाहेर गेले असताना बाईंनी मला आत बोलावलं. नुकताच प्रयोग झाला होता, त्यामुळे त्या शुद्धीत, शांत होत्या. "त्या आत्याबाईंच्या हाताला काय झालंय?" त्यांनी विचारलं.

मी त्यांच्या उशाशी पाण्याचा पेला ठेवला.

"माझं आहे का ते?"

मी हो म्हणून मान हलवली. त्यांनी पायांवरची चादर बाजूला सारली. मग म्हणाल्या, "बरं. जा तू."

दुसऱ्या दिवशी मी बटण फिरवलं तेव्हा ठिपका भिंतीच्या कडेपर्यंत गेला. काचेतून मला स्पष्ट दिसलं, बाईंचा जबडा सैल झाला, कपाळावरच्या आठ्या गेल्या. साहेब वाकून म्हणाले, "कसं वाटतंय?"

"काही नाही," बाई म्हणाल्या. "आज काहीच फरक नाही. कालही नव्हता, मी बोलले नाही. हे आता लागू पडत नाही. त्यांना घरी जाऊ द्या."

एवढ्या वर्षांनी दुखणं थांबलेली बाई, थांबलं नाही म्हणून सांगत होती. साहेब माझ्याकडे वळले आणि त्यांनी वही मागितली. वहीत मी आकडा लिहिला होता. खरा आकडा, नेहमीच्या सवयीनं, ठिपका थांबताच. मला बाईंचं बोलणं नीट ऐकू येत होतं. खाडाखोड करायला, वही खाली पाडायला, ठिपका चुकला म्हणायला वेळ होता. मी वही पुढे केली.

साहेबांनी आकडा वाचला. "शक्ती तर पोचतेय. म्हणजे हिच्या शरीरात शिरत नाहीये. आणखी लागेल," ते म्हणाले, आणि त्यांनी स्वतःच बटण शेवटपर्यंत फिरवलं.

गुणगुण एकदम मोठी झाली. ठिपका भिंतीवरून निघूनच गेला. आत्याचं तोंड उघडलं, आवाज मात्र आला नाही. तिचे तळवे पत्र्यांना चिकटल्यासारखे झाले होते. काचेपलीकडे बाई अंथरुणात उठून बसल्या होत्या, स्वतःच्या ताकदीवर, आणि काचेवर हात मारत किंचाळत होत्या, "बंद करा! अहो, बंद करा!"

मेन स्विच काकांनी ओढला. "बस हो गया, साहब," ते म्हणाले. अंधारात मी साखळी ओढून शटर वर केलं. दुपारचं लख्ख ऊन आत आलं. आत्याला आम्ही दोघांनी खुर्चीतून उचललं. साहेबांनी अडवलं नाही. ते काचेपाशी उभे होते, आणि आतून बाई त्यांच्याकडे बघत होत्या.

रिक्षानं नवापूर गाठलं तेव्हा ओहोटी होती. पाणी कुठल्या कुठे गेलेलं. आत्याला खांद्यावर घेऊन मी चिखलातून चालत राहिले, साडी, चपला सगळं त्यात रुतत होतं. गुडघाभर पाण्यात पोचल्यावर ती खाली बसली आणि तिनं दोन्ही हात बुडवले. बराच वेळ ती काही म्हणत होती. भरती यायला लागली, पाणी तिच्या छातीशी आलं, तेव्हा मी तिला उठवलं.

"गेलं का, आत्या?"

"कायतरी गेलं," ती म्हणाली. "सगळं नाय."

सूज आठ-दहा दिवसांत उतरली. उजव्या हाताची दोन बोटं मात्र वळत नाहीत. पुढे एकदा शेजारची बाई काटा लागून कळवळत आली. आत्यानं नेहमीसारखा तिचा हात धरला, ओठ हलवले. काहीच झालं नाही. तिनं पुन्हा धरला. मग मला म्हणाली, "पानी तापव. आनि हिला दवाखान्यात ने." त्यानंतर ती कुणाचा हात धरत नाही.

साहेब एकदाच आले. शेड बंद केली होती. माझी कागदपत्रं प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये घालून आणली होती. त्यांनी आत्याला नमस्कार केला. आत्यानं त्यांना चहा दिला आणि विचारलं, "बाई कशी हाय?"

"दुखतंच आहे," ते म्हणाले. "माझ्याशी बोलत नाही. रोज एकच विचारते, त्यांचा हात बरा झाला का."

"बरा हाय म्हनून सांगा," आत्या म्हणाली.

ते गेल्यावर मी फोल्डर घेऊन तिच्यासमोर उभी राहिले. मला वाटलं, आता तरी ती काही बोलेल. वहीतल्या आकड्याचं तिला काकांनी सांगितलं होतं, हे मला ठाऊक होतं. ती कप धुवायला घेऊन गेली.

वलसाडला एका कंपनीत मला नोकरी मिळत होती. कागद हातात होते, शेडबरोबर बाँडही संपला होता, गाडी सकाळची होती. मी गेले नाही. आत्यानं एकदा शिव्या दिल्या असत्या तर कदाचित गेले असते. तिनं दिल्या नाहीत, आणि मागितलं तर काहीच नाही. आता मी पुन्हा बोईसरच्या त्याच दुकानात मीटरं दुरुस्त करते. सकाळी कामाला जायच्या आधी तिच्या ओट्यावर बसून मासे साफ करून देते, कारण तिला कोयता धरता येत नाही. इतक्या वर्षांनीही मला ते नीट जमत नाही.

"असं नाय," ती माझ्या हातातून मासा ओढून घेत म्हणते, "शेपटीकडनं धर. आनि घाई करू नको, अजून टोपलीभर हायत."